‘ढ’चा शिक्का आणि ‘हुशार’चा शिक्का

मराठी मुळाक्षरांमध्ये ‘ढ’ ह्या अक्षराच्या वाट्याला जितकी अप्रतिष्ठा आली, तितकी दुसऱ्या कोणत्याही अक्षराच्या वाट्याला आली नसेल. जुने पंतोजी ह्याची एक उपपत्ती सांगत असत. अशोकाच्या शिलालेखांतील ब्राह्मी लिपीपासून आजच्या बाळबोध लिपीपर्यंत सव्वादोन हजार वर्षे लोटली. त्या अवधीत सर्व अक्षरांची रूपे पालटली, ‘ढ’ मात्र जवळजवळ होता तसाच राहिला. म्हणून कितीही वर्षे शाळेत बसून जो आहे तसाच राहतो, तो ‘ढ’. ही उपपत्ती खरी असो वा कोणा विनोदी मास्तरांनी रचलेली असो, शब्दाचे मर्म तिने नेमके पकडले आहे. ‘ढ’ म्हणजे केवळ मागे पडलेला नव्हे; ‘ढ’ म्हणजे न बदलणारा. आणि मुलाच्या मनाला जे लागते ते ह्या दुसऱ्या अर्थानेच लागते.

उन्हाळ्यात निकाल लागतात. पूर्वी निकालाच्या दिवशी मूल प्रगतिपुस्तक घेऊन शाळेतून चालत घरी येई. वाटेत त्यास रडून घेता येई, आईला काय सांगावे ह्याची मनाशी जुळवाजुळव करता येई. हल्ली दहावीचा निकाल मोबाईलवर येतो, आणि मूल अंगणात पाऊल टाकण्यापूर्वीच तो चुलत्यांना, मावशीला आणि वाड्यावरच्या निम्म्या घरांना ठाऊक झालेला असतो. अशा वेळी उंबरठा ओलांडणाऱ्या मुलाचे कान कशाकडे लागलेले असतात? गुणांकडे नव्हे, गुण त्यास आपल्या आधीच कळलेले असतात. आज आपल्याला घरात कोणत्या शब्दाने हाक मारतात, हे ते ऐकत असते.

आपल्या भाषेने येथे एक सोय करून ठेविली आहे, पण तिचा उपयोग आपण क्वचितच करतो. ‘तो गणितात नापास झाला’ हे एका दिवसाचे, एका विषयाचे वृत्त होय. ‘तो गणितात कच्चा आहे’ हे मुलाचे वर्णन झाले. ‘तो पहिल्यापासून तसाच, त्याच्या आजोबांसारखा’ हे तर भविष्यकथन झाले. ही तीन वाक्ये तीन निरनिराळ्या गोष्टी सांगतात. परंतु भाजी निवडता निवडता शेजारणीशी बोलताना आपण ती एका दमात बोलून जातो, आणि पडवीत पुस्तक उघडे ठेवून बसलेले मूल ती तिन्ही ऐकते. ‘झाला’ ह्या क्रियापदावर थांबण्याची सवय जरी घराला लागली, तरी पुष्कळ साधेल.

इथवरचे कोणालाही पटेल. मुलास ‘ढ’ म्हणू नये, हे आज कोण नाकारील? (म्हणणारे पुष्कळ आहेत, ही गोष्ट वेगळी.) परंतु आमचे आजचे म्हणणे ह्याच्या एक पाऊल पुढचे आहे, आणि ते ऐकून काही आईबाप भुवया उंचावतील. ‘हुशार’ हा शब्दही तसाच एक शिक्का आहे. तो गोड शाईने मारलेला असतो इतकेच. पण मुलाला तोही महाग पडतो.

ह्याविषयी एक प्रयोग प्रसिद्ध आहे. न्यूयॉर्क येथील कोलंबिया विद्यापीठातील क्लॉडिया म्युलर व कॅरोल ड्वेक ह्या दोन विदुषींनी तो केला व १९९८ साली प्रसिद्ध केला. दहा ते बारा वर्षांच्या मुलांना त्यांनी आकृत्यांची दहा कोडी सोडवावयास दिली. कोडी बेताची होती. ती सोडवून झाल्यावर प्रत्येक मुलास ‘छान केलेस’ असे सांगण्यात आले. मात्र काही मुलांना त्यापुढे एक वाक्य अधिक सांगितले, ‘तू हुशार असला पाहिजेस’. आणि दुसऱ्या काही मुलांना दुसरे वाक्य सांगितले, ‘तू कष्ट घेतले असले पाहिजेस’. फरक काय तो ह्या एका वाक्याचा.

पुढे मुलांना विचारले, आता कोणते काम हवे? ज्यातून शिकावयास मिळेल पण चुकाही होतील असे, की ज्यात आपली हुशारी दिसून येईल असे? ज्यांच्या कष्टांची वाखाणणी झाली होती, त्यांतील दहांपैकी नऊ मुलांनी शिकण्याचे काम मागितले. ज्यांस हुशार म्हटले होते, त्यांतील बहुतेकांनी हुशारी दाखविण्याचे काम पसंत केले. त्यानंतर सर्वांना मुद्दाम अवघड कोडी देण्यात आली व सर्वांचीच फजिती झाली. मग तिसऱ्या खेपेस पुन्हा पहिल्याइतकीच सोपी कोडी दिली. आता पाहा काय झाले. कष्टांची प्रशंसा झालेल्या मुलांनी पहिल्यापेक्षा अधिक कोडी सोडविली; आणि हुशार म्हटलेल्या मुलांना तीच सोपी कोडी पहिल्याइतकीही जमेनात. मधल्या एका अपयशाने त्यांचा धीर खचला होता.

परंतु ह्या प्रयोगातील जी गोष्ट आम्हाला सर्वांत अधिक बोचली ती आणखीच निराळी आहे. मुलांना शेवटी सांगितले की, दुसऱ्या एका शाळेतील अनोळखी मुलांसाठी ह्या कोड्यांविषयी चार ओळी लिहा आणि आपले गुणही लिहा. नाव कोणी विचारणार नव्हते, बक्षीस कोणी देणार नव्हते. तरीही हुशार म्हटलेल्या मुलांपैकी दर दहांत जवळजवळ चौघांनी आपले गुण वाढवून लिहिले. दुसऱ्या गटात असे करणारी मुले फारच थोडी होती. ही काही वाईट वळणाची मुले नव्हती. एका अनोळखी मोठ्या माणसाने एकदा प्रेमाने ‘हुशार’ म्हटले, एवढ्याने त्यांना खोटे बोलण्याची पाळी आली.

कारण उघड आहे. यश मिळाले म्हणून मी हुशार, असे एकदा मुलाने मानले की अपयश आले म्हणजे मी मठ्ठ, हे त्याला मानावेच लागते. मग ते अपयश येऊ न देण्याची खटपट करू लागते, आणि अपयश टाळण्याचा सर्वांत सोपा मार्ग म्हणजे अवघड कामास हात न लावणे. खेड्यातील शाळेत सातवीपर्यंत ज्याने पहिला नंबर सोडला नाही, असा मुलगा पुढे शहरातील मोठ्या कॉलेजात सायन्सला जातो. तेथे त्याच्यासारखे पन्नास असतात. पहिल्या चाचणीत त्याला शंभरांत अठ्ठावीस गुण मिळतात. ‘ढ’ म्हणून वाढलेला मुलगा अशा वेळी खांदे उडवील. हा मात्र मुळापासून हादरतो, कारण आजवर घरात, गावात, चर्चच्या आवारात ज्या एका नावाने त्याला सर्वांनी ओळखले, तेच नाव त्याच्या हातून निसटलेले असते. पहिल्या वर्षी कॉलेज सोडून घरी परतलेल्या आणि कारण न सांगणाऱ्या मुलांमध्ये असे किती असतील, ह्याचा विचार व्हावा.

तथापि, कोणत्याही औषधाची जाहिरात त्याच्या गुणापेक्षा मोठी होते, तसे ह्या विचाराचेही झाले. ‘बुद्धी वाढते’ असे मुलाला सांगितले की झाले, अशी समजूत पसरली. पुढे अमेरिकेतच सुमारे १२ हजार नववीच्या विद्यार्थ्यांवर एक मोठी पाहणी झाली व ती २०१९ साली प्रसिद्ध झाली. बुद्धी प्रयत्नाने वाढते, हे समजावून देणारा एक तासाहून कमी वेळाचा पाठ त्यांना दिला होता. मागे पडलेल्या मुलांच्या गुणांत त्याने सुधारणा झाली खरी, पण ती अल्प होती; चारांच्या मापावर एक दशांश. एवढ्याशा पाठाने तेवढे तरी झाले, हे काही कमी नाही. पण मंत्र म्हणून पाहिले तर तो मंत्र नव्हे, हेही त्यातून दिसून आले. दुसऱ्या काही संशोधकांना तर मुळीच फरक आढळला नाही. तेव्हा केवळ शब्द बदलून भागत नाही. शब्दांमागे घरात काही करावे लागते. त्याकडे आम्ही येतोच.

तत्पूर्वी एका जुन्या गृहस्थाची आठवण करणे उचित होईल. बुद्धी हे जन्माबरोबर मिळालेले ठराविक माप आहे, ही समजूत बुद्धिमापनाच्या कसोट्यांनी दृढ केली, असे म्हणतात. पण ती पहिली कसोटी ज्यांनी तयार केली त्या आल्फ्रेड बिने ह्यांचे मत नेमके उलट होते. पॅरिसच्या शाळांतून कोणत्या मुलांना अधिक साह्य हवे ते ओळखता यावे, एवढ्याचसाठी त्यांनी व त्यांचे सहकारी तेओदोर सिमाँ ह्यांनी १९०५ साली ती रचली. मुलांना वर्गवार चिकटविण्यासाठी नव्हे. बुद्धी वाढविता येत नाही असे म्हणणाऱ्यांचा १९०९ सालच्या आपल्या पुस्तकात बिने ह्यांनी कडक निषेध केला, आणि मंद समजल्या गेलेल्या मुलांसाठी मनाचे व्यायाम सुचविले. त्यांतील एक तर अगदी साधा होता: पुतळ्यासारखे निश्चल उभे राहावयाचे. अवधान टिकविण्याची ती तालीम. १९११ साली बिने वारले, आणि त्यांची कसोटी समुद्रापार जाऊन मुलांची प्रतवारी लावण्याचे यंत्र बनली.

हीच कसोटी आपल्या भागातही आली. धारवाडकडील मुलांवर तपासून व्ही. व्ही. कामत ह्यांनी १९३० च्या दशकात तिची कन्नड व मराठी आवृत्ती सिद्ध केली. बिने-कामत कसोटी ह्या नावाने ती अगदी अलीकडच्या काळापर्यंत देशभर वापरात राहिली. शाळेने वा डॉक्टरांनी अशी एखादी कसोटी देवविली, तर आईबापांनी घाबरू नये. मात्र कागदावरचा आकडा पाहून घरी न येता एवढेच विचारावे: ‘मग आता ह्याला कोणते साह्य द्यावयाचे?’ बिने ह्यांनी ती त्यासाठीच केली होती.

आता घरात काय करावे त्याविषयी. ‘हुशार’ म्हणू नका, ‘कष्टाळू’ म्हणा, असे ऐकले की पुष्कळ पालक दुसऱ्या टोकाला जातात. ‘प्रयत्न कर, प्रयत्न कर’ असे ते मुलाला सांगत सुटतात. जे मूल रोज रात्री दहापर्यंत पुस्तकापुढे बसते आणि तरीही नापास होते, त्याच्या कानी हे शब्द कसे पडत असतील? ‘तू प्रयत्न केलाच नाहीस’ असे त्याला ऐकू येते. ‘ढ’च्या जागी ‘आळशी’ आले, एवढाच त्याचा लाभ. आमच्या मते हा अन्याय पहिल्यापेक्षा लहान नाही.

नापास झालेल्या मुलाच्या बाबतीत ‘किती अभ्यास केलास?’ ह्या प्रश्नाआधी ‘कोठे अडले?’ हा प्रश्न विचारावा. विहिरीचे पाणी वाफ्यापर्यंत आले नाही तर शेतकरी पाटाला शिव्या देत नाही. पाटाच्या कडेने चालत जातो आणि कोठे फुटला आहे ते पाहतो. गणितात तर हे फारच खरे आहे. सातवीतल्या मुलाला समीकरणे येत नाहीत म्हणून आपण सातवीचीच शिकवणी लावतो. आणि मुलाचे घोडे तिसरीतल्या हातच्याच्या वजाबाकीपाशी किंवा भागाकारापाशी पेंड खात असते. तिसरीपर्यंत मागे जाण्यात मुलाला लाज वाटते, आईबापांनाही वाटते, आणि शिकवणीच्या मास्तरांना तेवढा वेळ नसतो. पण दोन महिने तेथे घालविल्यावाचून पुढचे पाणी येणार नाही. वाचनाचेही तेच. ‘प्रथम’ ह्या संस्थेच्या पुढाकाराने खेडोपाडी होणाऱ्या ‘असर’ पाहणीत २०२४ साली असे आढळले की, ग्रामीण भारतातील पाचवीच्या मुलांपैकी दुसरीच्या पुस्तकातला उतारा वाचता येणारी मुले निम्म्याहूनही थोडी कमी होती. देशातील निम्मी मुले जन्मतः मंद आहेत, असे कोणी म्हणेल काय? त्यांचा पाट कोठेतरी आधी फुटला आहे.

फुटण्याच्या जागा तरी किती! फळा दिसत नसेल; डोळे तपासून घ्यावेत. कान वाहत असेल आणि मागच्या बाकावर निम्मे ऐकू येत नसेल. काही मुलांची समज उत्तम असते, तोंडी विचाराल ते सांगतील, पण अक्षरे वाचताना त्यांची गाडी अडते, ‘द’ आणि ‘ढ’ ह्यांची अदलाबदल होते, फळ्यावरचे उतरून घेता घेता तास संपतो. ही वाचनाची अक्षमता असू शकते. २०१६ च्या अपंग हक्क कायद्याने तिला मान्यता दिली आहे. रीतसर प्रमाणपत्र असल्यास परीक्षेत अधिक वेळ व इतर सवलतीही मिळतात. २००७ साली ‘तारे जमीं पर’ हा चित्रपट आला तेव्हा घरोघरी डोळे पुसले गेले. पण डोळे पुसून झाल्यावर आपल्या घरातील मुलाकडे किती जणांनी वळून पाहिले, कोण जाणे.

आणि आपल्या सीमाभागात तर आणखी एक कारण आहे, ज्याची दखल निकालपत्र घेत नाही. घरी कोकणी, शाळेत व प्रार्थनेत मराठी, सक्तीची कन्नड, आणि पुढे सगळे इंग्रजी. दहा वर्षांच्या मुलाने तीन लिप्या सांभाळावयाच्या! गोष्ट सांगावयास लावा, घडाघडा सांगेल. तीच त्याच्या नसलेल्या भाषेत लिहावयास सांगा, पाटी कोरी. मग शेरा काय? ‘आकलन कमी.’ आकलन कमी नसते हो. भाषा नवी असते. ज्या गुरुजींना हे उमगते ते एखादा प्रश्न मुलाच्या घरच्या बोलीत विचारून पाहतात. पालकांनीही शाळेत जाऊन नम्रपणे तेवढी विनंती करावयास हरकत नाही.

मुलाचे सांत्वन करताना आपण थोरामोठ्यांच्या गोष्टी सांगतो. अमुक शास्त्रज्ञाला शाळेतून काढले होते, तमुक पुढारी तीनदा नापास झाला, आणि पाहा पुढे केवढा मोठा झाला! ह्या गोष्टींविषयी आमचे मन साशंक आहे. त्यांचा मुलाला लागणारा अर्थ असा की, नापास होणे क्षम्य आहे, पण पुढे जगप्रसिद्ध झालास तर. आणि न झालास तर? वाड्यावरचा प्रामाणिक गवंडी, उत्तम शिवण करणारी बाई, वेळेवर बस चालविणारा ड्रायव्हर ह्यांच्या गोष्टी त्यात कधीच नसतात.

संत जॉन मेरी व्हियानी ह्यांची कथा प्रवचनांतून आपण पुष्कळदा ऐकली आहे. फ्रान्समधील शेतकऱ्याचा हा मुलगा. राज्यक्रांतीच्या धामधुमीत शाळा अशी फारशी लाभली नाही. विशीत लॅटिन शिकावयास बसला, पण भाषा काही डोक्यात शिरेना. लियों येथील सेमिनरीत त्याचा निभाव लागला नाही, परीक्षेत तो उतरला नाही. शेवटी १८१५ साली वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी त्याला गुरुदीक्षा मिळाली, आणि आर्सचा तो साधा धर्मगुरू पुढे साऱ्या जगातील धर्मगुरूंचा आश्रयदाता संत ठरला. ही गोष्टही आपण ‘नापास झाला तरी संत झाला’ अशीच सांगतो. आम्हाला त्यातील दुसरेच पात्र अधिक मननीय वाटते. एकुली गावचे धर्मगुरू बाले. ह्यांनी त्या तरुणास तू मोठा होशील असे आश्वासन दिले नाही की तुझ्यात बुद्धी नाही असे सांगून परत पाठविले नाही. त्यांनी त्याला आपल्या घरी ठेवून तेच धडे पुन्हा, आणि पुन्हा, शिकविले, आणि काही महिन्यांनी फिरून परीक्षेस बसविले. नापास झालेल्या मुलाला संतांच्या गोष्टीपेक्षा असा एक बाले घरात हवा असतो.

मुलामुलांच्या कुवतीत फरक नसतो, असे आमचे म्हणणे नाही. तो असतो, आणि वर्गात रोज सहा तास एकत्र बसणाऱ्या मुलांना तो आपल्यापेक्षा अधिक स्पष्ट दिसतो. म्हणून खोटी वाहवा करू नये. मुले ती तत्काळ ओळखतात, आणि तिच्यातली दयाही ओळखतात. जे केले त्याचे नाव घेऊन बोलावे. ‘कालचे गणित तू तीनदा खोडून चौथ्यांदा बरोबर केलेस’ ह्या वाक्यात स्तुती थोडी आहे, पण सत्य पुरेपूर आहे. ‘मला येत नाही’ असे मूल म्हणाले तर ‘अजून आले नाही’ असे म्हणावे. त्या ‘अजून’मध्ये उद्याला जागा राहते. परंतु मुलाचे घरातील स्थान कुवतीवरही नाही आणि कष्टांवरही नाही, हे त्यास न सांगता दिसले पाहिजे. बाप्तिस्म्याच्या दिवशी त्याचे प्रगतिपुस्तक कोणी मागितले नव्हते. निकालाच्या रात्री ताटात नेहमीचीच कढी, नेहमीच्याच जागी पाट, नेहमीचीच थट्टामस्करी. आणि निकालाची चर्चा दुसऱ्या दिवशी सकाळी. एवढे झाले तरी मुलास जे समजावयाचे ते समजते.

येथे आपल्या धर्मग्रामांतील एका प्रथेविषयी, कोणाचे मन न दुखविता, दोन शब्द. निकालानंतरच्या एखाद्या रविवारी मिस्सा आटोपली की गुणवंत विद्यार्थ्यांचा सत्कार होतो. शाल, पुष्पगुच्छ, टाळ्या. ह्यात वावगे काही नाही. परंतु मागच्या बाकांवर त्याच वर्षी त्याच परीक्षेस बसलेली, त्यांच्याच बरोबर दृढीकरण घेतलेली इतर मुलेही असतात. काही तर त्या दिवशी आजारपणाचे निमित्त करून येतच नाहीत. गतवर्षी नापास होऊन यंदा उत्तीर्ण झालेल्या मुलाचे नाव त्याच यादीत आले तर शालीची किंमत उणावेल असे वाटत नाही.

मुलींची गोष्ट आणखी कठीण. मुलगा नापास झाला तर घरात आरडाओरडा होतो, पण त्याचा पुन्हा फॉर्म भरला जातो. मुलगी नापास झाली तर आरडाओरडा होत नाही. तिला कोणी काही बोलत नाही, आणि फॉर्मही कोणी भरीत नाही. दुसऱ्या महिन्यात ती चुलीपाशी किंवा काजूच्या कारखान्यात दिसते. ‘तिला अभ्यासाची आवडच नव्हती’ हे वाक्य तिच्या वतीने दुसरेच कोणी म्हणत असते. कर्नाटकात दहावीच्या मुलांना एकाच वर्षात एकाहून अधिक वेळा परीक्षेस बसता येते आणि त्यांतील चांगले गुण धरले जातात. महाराष्ट्रातही पुरवणी परीक्षा पावसाळ्याच्या तोंडाशीच होते. तेव्हा वर्ष वाया जाते ही सबब आता उरलेली नाही. फॉर्मची मुदत मात्र थोड्याच दिवसांची असते. ती घरातील शोकात निघून जाऊ देऊ नये.

आणखी एक गोष्ट लिहिणे जड वाटते, पण लिहिली पाहिजे. २०२२ ह्या एका वर्षात आपल्या देशात १३ हजारांहून अधिक विद्यार्थ्यांनी आपला जीव दिला, अशी सरकारी नोंद आहे. सर्वांचे कारण परीक्षा हे नव्हते, पुष्कळांचे होते. निकालानंतर मूल जेवेनासे झाले, बोलेनासे झाले, ‘मी नसतो तर बरे झाले असते’ अशा अर्थाचे काही बोलले, किंवा आपल्या आवडीच्या वस्तू उगाच भावंडांना वाटू लागले, तर ‘नाटक करतो’ असे म्हणून सोडून देऊ नये. त्यास एकटे ठेवू नये. शेतावरची औषधे कुलपात ठेवावीत. जवळ बसवून सरळ विचारावे: ‘मरावेसे वाटते का रे?’ विचारल्याने विचार डोक्यात शिरतो, ही भीती खोटी आहे. विचारल्याने ओझे उतरते. १४४१६ हा सरकारी ‘टेली-मानस’ सेवेचा विनामूल्य क्रमांक रात्रंदिवस चालू असतो व तेथे प्रादेशिक भाषांतूनही बोलता येते. तो घरातील कॅलेंडरवर लिहून ठेवावा. धर्मगुरूंना, शाळेतील सिस्टरांना, ज्याच्याशी मूल मोकळेपणे बोलते अशा मामाला वा आत्याला त्याच दिवशी बोलवावे.

ह्या विषयावर बोलताना पुष्कळ माता आम्हाला म्हणतात, ‘आम्ही चौथी शिकलो, आम्ही काय मुलांचा अभ्यास घेणार?’ त्यांस आमचे सांगणे असे की, अभ्यास घेऊ नका. अभ्यास द्यावयास लावा. भाकरी भाजताना मुलाला शेजारी बसवावे आणि आज शाळेत काय शिकलास ते मला शिकव, असे म्हणावे. जे मूल दुसऱ्यास समजावून सांगू लागते त्याला स्वतःचे कोठे अडते ते आपोआप दिसते, आणि त्या वेळी कोणी छडी घेऊन समोर उभे नसते. सीमाभागातील मातांना तर ह्याहून सोपा मार्ग आहे. बसवरच्या पाट्या, रेशनच्या दुकानातील फलक, तलाठ्याच्या कचेरीतील कागद, सारे कन्नडमध्ये. ती अक्षरे मुलाकडूनच शिकावीत. रोज दोन अक्षरे पुरेत. पहिल्या आठवड्यात आई चुकेल, खोडील, पुन्हा चुकेल. मूल हसेल; हसू द्यावे. ‘थांब, अजून एकदा काढते’ असे म्हणून आई पाटी पुसून पुन्हा अक्षर काढू लागली, की ते हसता हसता गप्प होईल आणि तिचा हात धरून वळण कोठून घ्यावयाचे ते दाखवील.